शिपिंग क्लार्कचा आवाज

माझं पद प्रोग्रॅमर ॲनालिस्ट, लेव्हल टू. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढचं सगळं या चार शब्दांमुळे झालं. ब्रँडेल साउंड या शिकागोतल्या जुन्या रेकॉर्ड कंपनीनं मला २००१ साली कामावर घेतलं तेव्हा हेच पद होतं, आणि २००७ च्या उन्हाळ्यातही हेच होतं. मधल्या सहा वर्षांत मी त्यांचा पन्नास वर्षांचा कॅटलॉग कागदावरून कॉम्प्युटरवर आणला. मालकानं, म्हणजे डग ब्रँडेलनं, २००५ मध्ये मला डिजिटल विभागाचा डायरेक्टर करायचं ठरवलं. मी वकिलाला फोन केला. वकील म्हणाला, पद बदललं की ग्रीन कार्डची फाइल पुन्हा पहिल्या पानापासून. मी डगला नम्रपणे नको म्हटलं. त्यानं बाहेरून एक डायरेक्टर आणला आणि त्याला काम मी शिकवलं. वर्षभरात मी बांधलेल्या सगळ्या सिस्टिमला लोक त्याच्या नावानं ओळखू लागले. मी मूग गिळून गप्प बसलो. आपल्या लोकांमध्ये याला संयम म्हणतात. मला ते नुसतं भित्रेपण वाटायचं, पण हे मी कुणाला बोललो नाही.

घरी सुमेधा. ती पुण्यात एका मोठ्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये मायक्रोबायोलॉजिस्ट होती. इथे माझ्या व्हिसावर आलेल्या बायकोला नोकरी करायची परवानगी नाही, त्यामुळे ती सहा वर्षं देशी दुकानांच्या डेव्हन ॲव्हेन्यूजवळच्या आमच्या दोन खोल्यांत होती. "मी फ्रिज ऑर्गनाइझ करण्यात पीएचडी केलीय यार," असं ती पाहुण्यांना हसत सांगायची. पाहुणे गेले की हसायची नाही.

आता मिस्टर प्रुइट. क्लिओफस प्रुइट, वय शहात्तर, काळे गृहस्थ. आठवड्यातून तीन दिवस टाय लावून यायचे आणि आमच्या तळघरातल्या टेपांमध्ये बसायचे. ते रिटायर होऊन वीस वर्षं झाली होती, पण टेपांच्या खोक्यांवरचं जुनं अक्षर दुसऱ्या कुणाला धड वाचता येत नव्हतं म्हणून डगनं त्यांना बोलावलं होतं. ते अक्षर त्यांचंच होतं. कंपनीच्या दप्तरात त्यांची नोंद एका ओळीची: शिपिंग क्लार्क, १९५६ ते १९८७. मी त्यांना पहिल्याच दिवशी सर म्हटलं. ते म्हणाले, या इमारतीत मला पहिल्यांदाच कुणी सर म्हणतंय. मला वाटलं, गंमत करताहेत.

ब्रँडेल साउंड म्हणजे काय, हे मलाही आधी ठाऊक नव्हतं. थोरल्या ब्रँडेलनं, डगच्या वडिलांनी, साउथ साइडला एका गॅरेजात कंपनी काढली. गाणारे काळे, वाजवणारे काळे, सुरुवातीचे विकत घेणारेही काळे. मग हळूहळू सगळ्या देशाला तो आवाज हवासा झाला. पुढं ड्रम, मागं बास, आणि मध्ये गाणाऱ्या बाईला श्वास घ्यायला ऐसपैस जागा. दुसऱ्या कंपन्यांनी त्याची नक्कल केली, आणि ती करण्यात कित्येकांचं आयुष्य गेलं. प्रत्येक रेकॉर्डवर छापलेलं असायचं: निर्माता, एच. ब्रँडेल. डगच्या खोलीत वडिलांचा मोठा फोटो होता, कानाला हेडफोन लावलेला.

२००७ च्या वसंतात ठरलं की कंपनी एका मोठ्या कंपनीला विकायची. त्यासाठी दोन गोष्टी हव्या होत्या. सगळ्या टेपांच्या कॉम्प्युटर-कॉप्या, आणि कुठलाही वाद नसलेला कॅटलॉग. दोन्ही कामं माझ्याकडे.

कॅटलॉगसाठी मी एक नियम केला होता आणि मला त्याचा भारी अभिमान होता. कुठलंही नाव नोंदवायचं तर त्याच्यापुढं कागदाचा नंबर पाहिजे. कागद नाही तर नाव लाल होतं, आणि लाल नाव पुढं जात नाही. हा नियम आमच्यासारख्यांच्याच डोक्यातून निघू शकतो. माझ्या डिग्रीवर वडिलांचं नाव मध्ये आहे, पासपोर्टवर शेवटी, जन्मदाखल्यावर नाहीच. त्यापायी मी दोन वर्षं कागद गोळा करत फिरलो. माझी पुण्यातली जुनी कंपनी बंद पडली होती, अनुभवाचं पत्र द्यायला कुणी नव्हतं, तेव्हा विवेक नावाच्या माझ्या जुन्या सहकाऱ्यानं ॲफिडेव्हिट केलं की याला हे काम करताना मी डोळ्यांनी पाहिलंय. तेवढ्यावर काम भागलं. ज्या जात्यात मी भरडलो गेलो, तसंच मी ब्रँडेल साउंडला बसवून दिलं, आणि डगनं माझी पाठ थोपटली.

टेपांसाठी मी एक प्रोग्रॅम लिहिला. प्रत्येक टेपच्या सुरुवातीला आणि गाण्यांच्या मध्ये बोलणं असतं. कितवा टेक, काय चुकलं, पुन्हा करा, असलं. विकत घेणाऱ्यांना फक्त गाणं हवं होतं. माझा प्रोग्रॅम बोलणं कापून वेगळं टाकायचा. तो चुकून गाणं तर कापत नाही ना, हे तपासायला मला कापलेले तुकडे ऐकावे लागले. दोनशे बारा टेपांचे तुकडे. मे महिन्यापासून मी रोज गाणं सोडून गाण्याच्या मधलं ऐकत होतो.

सगळ्या टेपांवर एकच आवाज होता.

खोल, सावकाश, कधीही न चढणारा. "ड्रम, तू बाईंच्या बोलण्यात बोलतोयस. त्यांचं होऊ दे, मग बोल." "पियानो फार चांगला वाजतोय, म्हणून जरा कमी वाजव." एकदा गाणारी बाई रडायला लागली तर तो आवाज म्हणाला, "दिवे मालवा रे," आणि दोन मिनिटं कुणीच काही बोललं नाही, आणि मग ती असं गायली की मी हेडफोन काढून ठेवला. टेक बिघडला की तो कधी रागवायचा नाही. फक्त म्हणायचा, "ऑल राइट. वन मोअर." आणि जमला की, "दॅट्स द वन. मार्क इट." म्हणजे हाच, खोक्यावर खूण करा. थोरल्या ब्रँडेलचा आवाज मला दोनशे बारा टेपांत एकदाच सापडला. तो विचारत होता, जेवायला किती जण आहेत.

१९ जुलैला, गुरुवारी, मी तळघरात गेलो. मिस्टर प्रुइट माझ्याकडे न बघता शेजारच्या मदतनिसाला म्हणाले, "ते खोकं परत लाव. वन मोअर." मी पायरीवरच थांबलो. सहा वर्षं मी या माणसाला गुड मॉर्निंग म्हणत होतो. मदतनीस गेल्यावर मी विचारलं, "टेपांवर तुम्ही आहात?"

"कुठल्या?" ते म्हणाले.

"सगळ्या."

त्यांनी चष्मा काढून पुसला. मग सांगितलं, अगदी शांतपणे. गाणारे तेच शोधायचे, चर्चमधून, लॉन्ड्रीतून. चाली बसवायचे, वाजवणाऱ्यांना सांगायचे. दुपारी रेकॉर्डची खोकी व्हॅनमध्ये घालून दुकानांत पोचवायचे, कारण पगार त्याचा होता. "पण व्हॅनमुळेच मला कळायचं," ते म्हणाले. "कुठलं खोकं दुकानदार पुन्हा मागतो ते मी बघायचो. आणि नवं गाणं व्हॅनच्या फुटक्या स्पीकरवर लावून बघायचो. लोक गाडीतच ऐकणार ना. तिथं चांगलं वाटलं तरच पास."

मी शेल्फवरचं एक खोकं काढलं. निर्माता, एच. ब्रँडेल. त्यांचंच सुबक अक्षर.

"हे तुम्हीच लिहिलंय," मी म्हटलं.

"लिहायला सांगितलं होतं," ते म्हणाले. "दर वेळी वाटायचं, पुढच्या वेळी माझं लिहू देतील. मला बाकी काही नको होतं. नाव तेवढं."

माझं डोकं सटकलं. खरं सांगायचं तर निम्मा राग त्यांच्यासाठी होता आणि निम्मा माझ्यासाठी. मी म्हटलं, मी तुमचं नाव घालतो. नियमात चालणाऱ्या कागदांच्या यादीत मी सवयीनं ॲफिडेव्हिटही ठेवलंय. मी लिहून देतो की हा आवाज कुणाचा आहे ते मला माहीत आहे. माझी सही झाली की तुमचं नाव हिरवं. ते चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवत म्हणाले, "तुम्हाला जमेल तेव्हा."

आता त्या जुलैत आमच्या लोकांमध्ये काय चाललं होतं ते सांगायला हवं. सरकारनं अचानक जाहीर केलं होतं की ग्रीन कार्डचा शेवटचा अर्ज सगळ्यांना भरता येईल. मग तो निर्णय फिरवला, आणि १७ जुलैला पुन्हा दार उघडलं, फक्त १७ ऑगस्टपर्यंत. अर्ज गेला की सुमेधाला काम करायची परवानगी मिळणार होती. वॉशिंग्टनमधल्या बेलव्ह्यूपासून टेक्सासातल्या फ्रिस्कोपर्यंत आपल्या प्रत्येक घरात लोक जन्मदाखले शोधत होते, डेव्हनवरच्या फोटोवाल्याकडे फुटपाथपर्यंत रांग होती. अर्जासोबत मालकाचं पत्र लागतं, की ही नोकरी अजून आहे आणि हा माणूस आम्हाला हवा आहे. माझं पत्र डगच्या टेबलावर होतं.

मी डगकडे गेलो आणि प्रुइट यांच्याबद्दल सांगितलं. तो रागावेल असं वाटलं होतं. तो हसला.

"गुरू," तो म्हणाला. गुरुनाथ त्याला लांब पडतं. "क्लिओ म्हणजे घरचा माणूस. पण तुझाच नियम आहे ना, कागद कुठाय? कागदावर तर डॅडचं नाव आहे, क्लिओच्याच हातचं. या वेळी एक जरी वाद निघाला तरी विक्री अडेल. विक्री अडली तर कुणाची नोकरी राहील हे मी कसं लिहून देऊ?" मग त्यानं माझ्या पत्रावर पेपरवेट ठेवला. "कॅटलॉग पूर्ण आणि बरोबर आहे, एवढं सर्टिफिकेट तू सही करून दे. दोन्ही सह्या एकाच दिवशी करून टाकू."

त्यानं धमकी दिली नाही. अजूनही मी त्याच्यावर तसा आळ घेणार नाही. मी आपल्याच हातानं बांधलेल्या भिंतीपाशी उभा होतो, आणि तो मला फक्त भिंत दाखवत होता.

घरी सुमेधाला सगळं सांगितलं. नेत्रा, आमची आठ वर्षांची मुलगी, शेजारी बसून चित्र काढत होती. सुमेधा म्हणाली, "आधी लेटर घे. नंतर त्यांचं कर. फक्त चार वीक्सचा प्रश्न आहे, गुरू. मी सहा वर्षं वेट केलंय."

नेत्रानं मान वर न करता विचारलं, "वेट फॉर व्हॉट, आई?"

सुमेधा उठून ताटं घ्यायला गेली.

दुसऱ्या दिवशी मी तळघरात जाऊन मिस्टर प्रुइट यांना म्हटलं, १७ ऑगस्टपर्यंत थांबाल का? ते म्हणाले, "शुअर." १४ ऑगस्टला मी सर्टिफिकेटवर सही केली: कॅटलॉगमधली सर्व नावं माझ्या माहितीप्रमाणे पूर्ण आणि बरोबर आहेत. डगनं माझ्या पत्रावर सही केली. त्याचं पेन चालेना म्हणून त्यानं माझंच घेतलं. १६ तारखेला अर्ज गेला.

मग वकिलाचा फोन आला. अभिनंदन केलं आणि म्हणाला, आता एकशेऐंशी दिवस शांत राहा. तेवढ्या दिवसांत मालकानं हात काढला तर सगळं पाण्यात. त्यानंतर तुम्ही नोकरी बदलू शकता. एकशेऐंशी दिवस म्हणजे १२ फेब्रुवारी. मी पुन्हा तळघरात गेलो. मला पायऱ्या उतरतानाच लाज वाटत होती. गणपती जवळ आले होते, म्हणून डेव्हनवरून काजूकतलीचा डबा नेला होता. मी सगळं समजावून सांगितलं. ते ऐकत राहिले, काजूकतली खाल्ली, चांगली आहे म्हणाले, आणि "शुअर" म्हणाले.

नोव्हेंबरात सुमेधाला परवाना मिळाला आणि पंधरा दिवसांत एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये नोकरी. पहिल्या दिवशी ती पहाटे पाचला उठून तयार बसली होती, बस साडेसातची. तिचा चेहरा बघून मला वाटलं, मी बरोबर केलं. हे वाटणं साधारण आठवडाभर टिकलं.

३१ डिसेंबरला विक्री पूर्ण झाली. कॅटलॉग कायमचा बंद झाला, त्याचं कुलूपही मीच लावलं. मूळ टेपा ट्रकमध्ये भरून दुसऱ्या राज्यातल्या एका जुन्या खाणीत ठेवायला नेल्या. कापलेलं बोलणं नव्या कंपनीला नको होतं. मिस्टर प्रुइट यांना केक कापून निरोप दिला. केकवर लिहिलं होतं, थँक यू क्लिओ. कुठल्या कामाबद्दल ते लिहिलं नव्हतं.

१६ फेब्रुवारीला, शनिवारी, मी ॲफिडेव्हिट टाइप करून त्यांच्या घरी गेलो. साउथ साइडला विटांचा छोटा बंगला, बर्फ काढून स्वच्छ केलेली पायवाट. एक प्रत नव्या कंपनीच्या वकिलांना, एक शहराच्या लायब्ररीतल्या संगीत विभागाला पाठवायची, असं मी ठरवलं होतं. कुलूप लागलेल्या कॅटलॉगला त्यानं काय होणार, ते मलाही माहीत नव्हतं. सोबत पेढ्यांचा डबा होता. रिकाम्या हातानं कसं जायचं.

त्यांनी मला स्वयंपाकघरात बसवलं. पेढ्यांचा डबा टेबलावर ठेवला आणि त्याच्याकडे थोडा वेळ बघत राहिले.

"थोरला ब्रँडेल वाईट माणूस नव्हता," ते म्हणाले. "दर नाताळाला घरी डुकराच्या मांडीचा अख्खा हॅम पाठवायचा. कधी चुकला नाही. अठ्ठावन्न साली म्हणाला, वितरक मिळू दे, मग तुझं नाव. त्रेसष्टला म्हणाला, माझा घटस्फोट होऊ दे. एकाहत्तरला म्हणाला, कोर्टातलं संपू दे. खोटं बोलत नव्हता. खरंच काहीतरी अडचण असायची." त्यांनी डब्याचं झाकण उघडलं. "एकतीस हॅम झाले."

मी कागद पुढं केला. त्यांनी तो दोनदा वाचला, एका ओळीवर बोट ठेवलं. मी लिहिलं होतं, कंपनीत काम करत असताना मला समजले की सदर आवाज श्री. क्लिओफस प्रुइट यांचा आहे.

"कधी समजलं?" त्यांनी विचारलं. "तारीख नाही."

तारीख नव्हती, कारण ती मी मुद्दामच घातली नव्हती. १९ जुलै लिहिलं की १४ ऑगस्टची माझी सही खोटी ठरते. मी सगळं माहीत असून कॅटलॉग बरोबर आहे असं लिहून दिलं, हे माझ्याच हातानं जगाला सांगणं होतं. असा माणूस कुठली कंपनी ठेवेल? आणि ग्रीन कार्ड तर अजून आलेलं नव्हतं. आजही आलेलं नाही.

"त्याबद्दल वकिलाला विचारावं लागेल," मी म्हटलं. "दोन आठवडे द्या."

ते रागावले नाहीत. खुर्चीत मागं टेकले.

"ऑल राइट," ते म्हणाले. "वन मोअर."

दोनशे बारा टेपांवरचा आवाज माझ्यापासून तीन फुटांवर होता.

"कायद्यानं तारखेची गरज नाही," मी पुन्हा सुरुवात केली. "आणि माझ्या बायकोची नोकरी आत्ता कुठे सुरू झालीय. सहा वर्षं ती..." पुढचं वाक्य मला पूर्ण करता आलं नाही. ते खोटं नव्हतं. खरंच अडचण होती.

त्यांनी उठून खिडकीवरचा पडदा ओढला. खोलीत जरा अंधार झाला. मग पुन्हा समोर बसले आणि पेन माझ्याकडे सरकवलं.

"वन मोअर."

मला सुमेधा दिसत होती, पहाटे पाचला तयार होऊन बसलेली, आणि डगच्या टेबलावरचा पेपरवेट.

"मला एकोणीस जुलैलाच माहीत होतं," मी म्हटलं. माझा आवाज मलाच परका वाटला. "मी घाबरलो होतो. म्हणून सही केली."

मिस्टर प्रुइट यांनी मान हलवली, अगदी थोडी.

"दॅट्स द वन," ते म्हणाले. "मार्क इट."

मी पेन उचललं आणि तारीख लिहिली.